काळाची फट आणि वरळीचं पाणी

प्रश्न : माझ्या अद्भुत कादंबरीत वरळीच्या खडकात काळाची फट पडते. तिच्यातून गेलेला माणूस ३९ मिनिटं मागे पोचतो. जुनी मुंबई वेळ भारतीय प्रमाणवेळेच्या तेवढीच मागे होती, म्हणून हा आकडा घेतला. पण वाचणारे म्हणतात, भीती वाटत नाही. राक्षस घालू का?
— वाचक, दादर

राक्षस कशाला? फट समुद्राकाठी आहे, मग पाणीच पुरे.

मुंबईत ओहोटीपासून भरतीपर्यंत साधारण सव्वासहा तास जातात. उधाणाच्या दिवसांत पातळीतला फरक चार मीटर धरा. पाणी सुरुवातीला आणि शेवटी सावकाश चढतं, मधल्या दोनेक तासांत मात्र तासाला मीटरभर. म्हणजे ३९ मिनिटांत ६५ सेंटीमीटर. फटीच्या अलीकडे आत्ताचं पाणी, पलीकडे त्याहून गुडघाभर खालचं. एवढ्या फरकाने पाणी सेकंदाला साडेतीन मीटरच्या आसपास वेग घेतं. फट दोन मीटर रुंद आणि पाण्याखाली मीटरभर असेल, तर सेकंदाला चार-पाच हजार लिटर पाणी जाईल. दहा हजार लिटरचा टँकर दोन-अडीच सेकंदांत रिकामा. त्यात कुणाचे पाय टिकणार?

चढत्या भरतीला आत्ताची बाजू उंच, म्हणून पाणी मागच्या काळात ओढलं जातं. ओहोटीला उलट. इथे बहुतेक लेखक एक गोष्ट विसरतात : मागे गेलेलं पाणी तिथे ३९ मिनिटं आधीच पोचलेलं असतं. त्यामुळे भरती चढताना खडकातून आधी पाणी उसळेल, ते येतंय कुठून हे कुणालाच कळणार नाही, आणि ओढून नेणारं तोंड उघडेल ३९ मिनिटांनी. तेव्हा फटीला दोन तोंडं द्या, एक मागे नेणारं आणि एक पुढे. कोळीवाड्यातल्या एखाद्या पात्राला हे सगळ्यांत आधी उमगू द्या. भरतीच्या वेळी होडीला भलतीकडून ओढ लागली तर वल्हं धरणाऱ्या हाताला ती लगेच कळते.

आता सुटकेची वेळ. पूर्ण भरतीनंतर साडेएकोणीस मिनिटांनी दोन्ही बाजूंची पातळी सारखी होते. त्याच्या अलीकडे-पलीकडे अठरा-अठरा मिनिटं फरक दहा सेंटीमीटरच्या आत राहतो. पार व्हायचं तर तेव्हाच. भरतीची वेळ काढायला किनाऱ्यावरचा जुना हिशेब आहे : तिथीची पाऊणपट. द्वितीयेला दीड वाजता भरती, म्हणजे १:५०ला पाणी सारखं आणि वाट मोकळी १:३२ ते २:०८. (हिशेब ढोबळ आहे, अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो. मिनिटांवर प्रसंग बेतायचा असेल तर भरती-ओहोटीचा छापील तक्ता समोर ठेवा.) नायिका १:५०ला गेली तर पलीकडे १:११ वाजलेले असतील, आणि तिथल्या घड्याळात १:२९ व्हायच्या आत तिला परतायला हवं. चुकली, तर पुढची संधी ओहोटीला, सहा तासांहून जास्त वेळाने. त्यातली पहिली ३९ मिनिटं, म्हणजे १:५०ला तिची पहिली प्रत फटीत शिरेपर्यंत, त्याच शहरात ती दोनदा असेल. तुमचं सर्वांत चांगलं प्रकरण तिथे आहे.

प्रश्न : पण मुंबई वेळ हा कागदावरचा फरक. घड्याळाचे काटे सरकवले म्हणून खडक कसा फाटेल?
— वाचक, ठाणे

शंका रास्त आहे, पण फरक निव्वळ कागदी नाही. प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशावरची. मुंबई त्याच्या पश्चिमेला सुमारे ९ अंश ४० कला. अंशाला चार मिनिटं, म्हणजे सूर्य इथे माथ्यावर यायला ३९ मिनिटं उशीर. १ जानेवारी १९०६ला प्रमाणवेळ आली, पण मुंबईत जुनी वेळही १९५५पर्यंत चालत राहिली. तुमच्या जगाचा नियम असा करा : माणसांनी प्रमाणवेळ मानली, खडकाने सूर्यच मानला. मग एक सुंदर खूण आयती मिळते. मुंबई वेळेला लावलेलं आजोबांचं मनगटी घड्याळ अलीकडे कायम चुकीचं. फट ओलांडली की पलीकडच्या भिंतीवरच्या घड्याळाशी ते तंतोतंत जुळतं.

प्रश्न : ३९ मिनिटांत पृथ्वीही पुढे सरकते ना?
— वाचक, डोंबिवली

सरकते. सूर्याभोवती सेकंदाला ३० किलोमीटर, म्हणजे सुमारे सत्तर हजार किलोमीटर. म्हणून फट अवकाशातल्या बिंदूशी नको, मुंबईच्या काळ्या बेसॉल्टशी बांधा, आणि हे पहिल्या तीन प्रकरणांत एका वाक्यात सांगून मोकळे व्हा.

प्रश्न : शेवटी मंत्राने फट बंद केली तर चालेल?
— वाचक, गिरगाव

चालेल, पण आधीची सगळी मेहनत पाण्यात जाईल. मुंबई आणि वरळी बेटांमधलं समुद्राचं खिंडार अठराव्या शतकात हॉर्नबी वेलार्ड हा बांध घालून बुजवलं गेलं. तुमच्या पात्रांनाही दगडच उचलू द्या. अडचण अशी की फट अरुंद केली तरी पातळीतला फरक तेवढाच राहतो, त्यामुळे पाण्याचा वेग कमी होत नाही. शेवटच्या हातभर जागेतून लहान दगड वाहून जातात, म्हणून सर्वांत जड चिरे अखेरीसाठी राखून ठेवावे लागतात. दोन्ही काळांत एकेक टोळी लागेल. एकाच बाजूने चिणलं तर पलीकडचा दाब दगड ढकलून देईल. त्या टोळीतल्या माणसांनी परत कधी आणि कसं यायचं, ते काम सुरू व्हायच्या आत ठरवा.

दिवस भांगाचा, म्हणजे कमी चढ-उताराच्या भरतीचा घ्या, उधाणाचा नाही. अष्टमीच्या सुमारास चढ-उतार निम्म्यावर येतो, मोकळी वेळ दुपटीने वाढते. त्यातही भरती सोडून ओहोटी धरा : पाणी दुपारी साडेबाराच्या आसपास सारखं होईल, खडक उघडा असेल आणि चिरे बसवायला भरपूर उजेड मिळेल.