पाच वेळा मुख्यमंत्री, आणि परत घेतलेली पदवी

प्रश्न : नांदेडला हजूर साहिबच्या दर्शनाला येणाऱ्या पंजाबी यात्रेकरूंशी बोलताना पंजाबचे दिवंगत मुख्यमंत्री प्रकाशसिंग बादल यांच्याविषयी अगदी टोकाची मते ऐकायला मिळतात. कोणी त्यांना शेतकऱ्यांचा वाली म्हणतो, तर कोणी पंथाचा अपराधी. अकाल तख्ताने, म्हणजे शिखांच्या सर्वोच्च धर्मपीठाने, त्यांना दिलेली पदवी मृत्यूनंतर काढून घेतली, हे खरे आहे का? असल्यास का? (एक वाचक, नांदेड)

उत्तर : खरे आहे. २०११ मध्ये अकाल तख्ताने बादल यांना ‘फख्र-ए-कौम’ म्हणजे समाजाचा अभिमान ही पदवी दिली होती. ते २५ एप्रिल २०२३ रोजी, वयाच्या पंच्याण्णवाव्या वर्षी वारले, आणि २ डिसेंबर २०२४ रोजी त्याच तख्तावरून ती पदवी रद्द झाल्याचे जाहीर झाले. यात्रेकरूंची दोन्ही मते आपापल्या जागी समजण्यासारखी आहेत, कारण बादल यांचे सारे राजकारण गुरुद्वारा आणि शेत या दोन आधारांवर उभे होते.

८ डिसेंबर १९२७ रोजी पंजाबच्या माळवा भागातील जाट शीख जमीनदार घराण्यात जन्मलेल्या या माणसाने लाहोरच्या फोरमन ख्रिश्चन कॉलेजात शिक्षण घेतले आणि फाळणीच्या वर्षी बादल या आपल्या गावाचे सरपंचपद स्वीकारले. मार्च १९७० मध्ये, बेचाळिसाव्या वर्षी, ते पंजाबचे मुख्यमंत्री झाले. तेव्हा अकाली दल हा पंथाचा, म्हणजे शीख धर्मसमूहाचा पक्ष होता. त्याची खरी ताकद गुरुद्वारांचा कारभार पाहणाऱ्या शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक समितीत होती आणि १९७३ पासून तिची सूत्रे गुरुचरणसिंग तोहरा यांच्याकडे होती. बादल यांनी सरकार पाहायचे आणि तोहरांनी गुरुद्वारे, अशी ही विभागणी कधी सलोख्याने तर कधी उघड भांडणाने पाव शतक चालली. १९९९ मध्ये, खालसा पंथाच्या त्रिशताब्दीच्या ऐन वर्षात, तोहरांना समितीच्या अध्यक्षपदावरून दूर करण्यात आले आणि दोन्ही दोऱ्या बादल यांच्या हाती आल्या. माझ्या मते पुढच्या अनर्थाचे बीज येथेच आहे. तख्ताचे प्रमुख ही समितीच नेमत असल्याने तख्तावरून निघालेला प्रत्येक निर्णय यापुढे बादल घराण्याच्या खात्यावर मांडला जाणार होता.

पंथासाठी त्यांनी काहीच केले नाही, असे मात्र म्हणता येत नाही. आणीबाणीविरुद्धच्या अकाली मोर्चात ते तुरुंगात गेले. शिखांना हिंदूंच्या व्याख्येत धरणाऱ्या घटनेच्या पंचविसाव्या अनुच्छेदाचा निषेध म्हणून १९८४ मध्ये दिल्लीत त्यांनी त्याचे पान जाहीरपणे फाडले. दहशतवादाची वर्षे ओसरल्यावर १९९६ च्या मोगा अधिवेशनात त्यांनीच पक्षाला पंथाऐवजी ‘पंजाबियत’ची, म्हणजे सर्व पंजाबींच्या समान ओळखीची भाषा दिली आणि भारतीय जनता पक्षाशी युती केली. लगेचच्या निवडणुकीत ११७ पैकी ९३ जागा या युतीला मिळाल्या. ज्या राज्यात हिंदू आणि शीख शेजारी एका दशकाहून अधिक काळ परस्परांकडे भयाने पाहत होते, तेथे ही युती टिकली, हे त्यांचे सर्वांत मोठे काम होय.

ते काम २०१५ या एका वर्षात खिळखिळे झाले. त्या वर्षी एप्रिलमध्ये संत नामदेवांच्या घुमानला आपले साहित्य संमेलन भरले, तेव्हा तेच मुख्यमंत्री होते. सप्टेंबरमध्ये अकाल तख्ताने डेरा सच्चा सौदा या संप्रदायाच्या प्रमुखाला, ज्याच्यावर गुरू गोविंदसिंगांची नक्कल केल्याचा आरोप होता, माफी दिली. ही माफी सत्ताधाऱ्यांच्या सांगण्यावरून आणि डेऱ्याच्या मतांसाठी दिली गेली, असा समज सर्वत्र पसरला आणि तख्ताला ती मागे घ्यावी लागली. ऑक्टोबरमध्ये बरगाडी गावात गुरू ग्रंथ साहिबची फाडलेली पाने सापडली आणि निषेधास बसलेल्या जमावावर बहिबल कलान येथे पोलिसांनी केलेल्या गोळीबारात दोघे ठार झाले. पंथाच्या नावाने मते मागणाऱ्या सरकारच्या काळात ग्रंथाची विटंबना व्हावी आणि गोळीही त्याच सरकारच्या पोलिसांची असावी, हे शीख मतदार विसरला नाही. २०१७ मध्ये अकाली दल १५ जागांवर आला, २०२२ मध्ये तीनवर, आणि चौऱ्याण्णव वर्षांचे बादल स्वतः लांबी या हक्काच्या मतदारसंघात अकरा हजारांहून अधिक मतांनी पडले. पदवी रद्द करण्यामागे याच घटना होत्या.

प्रश्न : शेतीपंपांना मोफत वीज देण्याची प्रथा बादल यांचीच ना? तिने पंजाबचे पाणी संपवले, असे म्हणतात. (एक वाचक, जालना)

उत्तर : १९९७ मध्ये सत्तेवर येताच त्यांच्या सरकारने ती लागू केली. पुढे अमरिंदरसिंग सरकारने आकारणी सुरू करून पाहिली, परंतु त्याला २००५ मध्ये माघार घ्यावी लागली. सगळा दोष विजेवर टाकणे मात्र अपुरे आहे, कारण हमीभावाने होणारी भाताची खात्रीची सरकारी खरेदी नसती, तर फुकट विजेवरही कोणी एवढा भात लावला नसता. गंमत अशी की, पाण्याची चिंता वाटून १० जूनपूर्वी भाताची लावणी करू नये, असा कायदाही बादल सरकारनेच २००९ मध्ये केला. त्यामुळे कापणी लांबली, गव्हाच्या पेरणीपूर्वीचे दिवस कमी झाले आणि शेतात पेंढा जाळण्याचे प्रमाण वाढले, असे अनेक अभ्यासक मानतात. दिल्लीच्या धुराची एक वाट अशी चंडीगडच्या विधानसभेतून जाते.

प्रश्न : बादल प्रथम काँग्रेसचे आमदार होते, हे वाचून आश्चर्य वाटले. ही छापण्यातील चूक तर नव्हे? (एक वाचिका, पुणे)

उत्तर : चूक नव्हे. १९५६ मध्ये झालेल्या समझोत्यानुसार अकाली दलाने राजकीय कामकाज काँग्रेसवर सोपवून स्वतःला धर्मकार्यापुरते मर्यादित ठेवले होते. त्यामुळे १९५७ मध्ये बरेच अकाली काँग्रेसच्या तिकिटावर लढले आणि मलोटहून निवडून आलेले बादल त्यांपैकी एक होते. हा समझोता फार काळ टिकला नाही. पंजाबी सुभ्याची मागणी पुन्हा उभी राहिली आणि १ नोव्हेंबर १९६६ रोजी पंजाबी भाषकांचे वेगळे राज्य झाले.