झोराची खोटी भाची

प्रश्न : ताई, अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय बायकांचं लिखाण वाचायला घेतलंय. जिकडेतिकडे सगळं सोसून परत उभी राहणारी बाई भेटते, आणि खरं सांगू, वाचून दमायला होतं. शिवाय भगिनीभाव भगिनीभाव म्हणतात तो नेमका दिसतो कुठे?

उत्तर : दमायला होतं हे मोकळेपणाने लिहिलंस ते बरं केलंस. ह्यातल्या कितीतरी लेखिकाच त्या 'खंबीर बाई'च्या छापावर वैतागलेल्या आहेत, बाई खंबीर म्हटली की तिला काय हवंय ते कुणी विचारत नाही, वर अजून चार ओझी टाकायला सगळे मोकळे.

भगिनीभावाचं म्हणशील तर मला आधी झोरा नील हर्स्टन ही लेखिका आठवते. तिची १९३७ ची कादंबरी, 'देअर आईज वेअर वॉचिंग गॉड', आज कॉलेजात शिकवतात, पण १९६० मध्ये ती गेली तेव्हा हातात पैसा नव्हता, कबरीवर साधा दगडसुद्धा बसला नाही. १९७३ मध्ये पुढच्या पिढीतली लेखिका ॲलिस वॉकर, जी तिला कधी भेटलीही नव्हती, ती फ्लोरिडातल्या फोर्ट पिअर्सला गेली, लोकांनी नीट माहिती द्यावी म्हणून 'मी झोराची भाची' असं चक्क खोटं सांगितलं आणि कमरेएवढ्या गवतात, सापांची भीती पोटात घेऊन झोराला हाका मारत हिंडली, शेवटी एका जागी पाय खचला. हीच कबर असं धरून तिथे तिने दगड बसवून घेतला. मनात होता तो काळा दगड परवडेना म्हणून साधा करडा घेतला, आणि त्यावरचं जन्मसालही चुकलंय, १८९१ च्या जागी १९०१, कारण शाळेत प्रवेश मिळावा म्हणून झोराने वय दहा वर्षांनी कमी सांगितलं होतं आणि पुढेही तेच चालू ठेवलं. मला तो चुकलेला दगड फार जवळचा वाटतो.

एकमेकींसाठी अशी कामं बऱ्याच जणींनी केली. लेखिका टोनी मॉरिसनने रँडम हाऊस ह्या प्रकाशनसंस्थेत संपादक असताना टोनी केड बंबारा, गेल जोन्स ह्या कृष्णवर्णीय लेखिकांची पुस्तकं काढली, ऑड्री लॉर्ड आणि बार्बरा स्मिथ ह्या लेखिकांनी १९८० मध्ये स्वतःचं प्रकाशनच सुरू केलं, नाव 'किचन टेबल', बायकांचं काम आणि बोलणं दोन्ही तिथेच चालतं म्हणून.

आता वाचायला घेणार असशील तर वॉकरचीच 'द कलर पर्पल' घे. त्यात नायिका सेली सावत्र मुलाला सांगते, बायकोला मार, म्हणजे ऐकेल. ती सून, सोफिया, संतापून येते, सेलीने दिलेले पडदे परत करते आणि तोंडावर विचारते, असं का सांगितलंस? सेली कबूल करते की तुझा हेवा वाटला, तू उलटून उभी राहतेस, मला ते जमत नाही. मग दोघी त्याच खराब झालेल्या पडद्यांची गोधडी करायला बसतात. तेवढी पानं सावकाश वाच.