पुण्याहून जर्मनीला जाताना कुत्र्याचे क्वारंटाइन टाळता येईल का, की त्याला मागाहून पाठवणे बरे?

तुम्ही लिहिले आहे की पतीच्या नोकरीमुळे दोन महिन्यांनी पुण्याहून म्युनिकला जायचे आहे, घरी तीन वर्षांचा लॅब्राडोर आहे आणि त्याच्या लशी वेळच्या वेळी झालेल्या आहेत. तिथे त्याला क्वारंटाइनमध्ये ठेवावे लागू नये म्हणून काय करावे आणि एजंट किती पैसे घेतात, हे तुम्हाला हवे आहे. शेवटी तुम्ही एक ओळ जोडली आहे, "घरचे म्हणतात, तुम्ही दोघे पुढे व्हा, कुत्र्याला आम्ही मागाहून पाठवून देऊ." या एका ओळीसाठी मी उत्तर लिहायला बसले आहे. हेच वाक्य मी जानेवारी 2018 मध्ये, एरंडवण्यातील आमच्या स्वतःच्या घरी, संक्रांतीच्या हळदीकुंकवाला आलेल्या बायकांच्या देखत थोरल्या जाऊबाईंच्या तोंडून ऐकले होते, आणि त्यावर द्यायचे उत्तर तेव्हा माझ्याजवळ नव्हते.

क्वारंटाइन टाळता येते, पण दोन महिन्यांत टाळता येत नाही, आणि जो एजंट येते म्हणेल त्याच्या दारात पुन्हा जाऊ नये. रेबीजच्या दृष्टीने सवलत दिलेल्या देशांची युरोपीय संघाची जी यादी आहे तिच्यात भारत नाही. त्यामुळे इथून जाणाऱ्या कुत्र्याला आधी मायक्रोचिप (कातडीखाली बसवायची, ओळखीचा क्रमांक असलेली बारीक चिप), त्यानंतर रेबीजची लस, लशीनंतर किमान 30 दिवसांनी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत रक्ताची टायटर चाचणी (म्हणजे रक्तातील रेबीजविरोधी प्रतिपिंडांची मोजणी) आणि रक्त घेतल्याच्या तारखेपासून पूर्ण तीन महिने थांबणे, या क्रमाने जावे लागते. एकही दिवस वाया गेला नाही तरी चार महिने होतात. तुमच्या लॅब्राडोरला चिप अगोदरच असेल, ती लशीच्या आधी किंवा त्याच दिवशी बसवलेली असेल आणि पुढच्या लशींत खंड पडला नसेल, तर रक्त लगेच देता येईल आणि सुरुवातीचा महिना वाचेल. तीन महिने मात्र कोणत्याही ओळखीने वाचत नाहीत.

"लशी वेळच्या वेळी झालेल्या आहेत" हे तुमचे वाक्य वाचून मला धास्ती वाटली, कारण आमचीही समजूत तीच होती. भुरी ही आमची गावठी कुत्री 2014 च्या पावसाळ्यात वेताळ टेकडीच्या पायथ्याशी सापडली आणि तिची लसीकरणाची पुस्तिका पहिल्या पानापासून भरलेली होती. माझ्या पतींना 1 फेब्रुवारी 2018 पासून तीन वर्षांसाठी श्टुटगार्टला रुजू व्हायचे होते. आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी 6 डिसेंबर 2017 रोजी तिला रेबीजची लस टोचली. चिप त्या दिवशी दवाखान्यात शिल्लक नव्हती, म्हणून ती 20 डिसेंबरला बसवली. दोन आठवड्यांनी काय बिघडते, असे डॉक्टर म्हणाले, आणि ज्यांनी भुरीला पिल्लू असताना मरणाच्या दारातून परत आणले होते त्यांच्या शब्दावर शंका घेण्याचे मला कारण नव्हते. 8 जानेवारीला रक्त घेतले, सीरम परदेशी प्रयोगशाळेत गेले, आणि हवे असलेल्या 0.5 आंतरराष्ट्रीय युनिट प्रति मिलिलिटर या मर्यादेपेक्षा चांगला जास्त आकडा आला. मी एप्रिलमध्ये भुरीला घेऊन निघायचे, असे आम्ही ठरवून टाकले.

27 जानेवारीच्या रात्री पती युरोपीय संघाच्या आरोग्य प्रमाणपत्राचा नमुना भरून पाहत होते. त्यात चिप बसवल्याची तारीख, लशीची तारीख आणि रक्ताची तारीख शेजारी शेजारी लिहायच्या असतात, आणि त्या तशा लिहिल्याबरोबर आमचा क्रम उलटा असल्याचे दिसले. चिप नसलेल्या कुत्र्याला दिलेली लस नेमकी याच कुत्र्याला दिली, असे कागदावर सिद्ध होत नाही. म्हणून ती लस नियमाच्या हिशेबी झालेलीच नसते, आणि तिच्यावर आधारलेला रक्ताचा अहवालही बाद होतो. 29 जानेवारीला भुरीला पुन्हा लस दिली, 5 मार्चला पुन्हा रक्त घेतले, आणि एप्रिलचा जून झाला. पती 30 जानेवारीला एकटेच गेले. डॉक्टरांशी मी भांडले नाही, पण या एका गोष्टीबाबत माझे मत तेव्हापासून पक्के आहे की परदेशी जायचे असेल तेव्हा दवाखान्यात नियम छापून न्यावा, चिप टोचल्यावर यंत्राने वाचून घ्यावी, तिचे पंधरा आकडे स्वतः लिहून घ्यावेत, आणि त्यानंतरच लशीची बाटली उघडू द्यावी.

आता हळदीकुंकवाकडे येते. जाऊबाई म्हणाल्या, "लोक पोटची पोरे आजीजवळ ठेवून परदेशी जातात, आणि तू कुत्रीसाठी नवऱ्याला एकटा धाडतेस? तू त्याच्याबरोबर जा. तिला आम्ही मागाहून पाठवू." थोरल्या भाऊजींनी तर तिला मुंबईच्या विमानतळावर नेऊन मालवाहू विभागात सोपवण्याचीही तयारी दाखवली. तेव्हा निघणे एप्रिलवर होते. ते जूनवर गेल्यावर हाच विषय प्रत्येक फोनवर, प्रत्येक पंगतीत निघू लागला, आणि नवऱ्यापेक्षा कुत्री मोठी मानणारी सून असा माझा लौकिक नात्यागोत्यात झाला. त्या दिवसांत मला वाईट वाटले ते बोलण्यापेक्षा या गोष्टीचे, की माझ्याजवळ भुरीच्या प्रेमापलीकडे कारण नव्हते आणि प्रेम हे कारण त्या घरात कोणी मोजत नव्हते.

ते कारण मला मार्चमध्ये नियम मुळातून वाचताना सापडले. युरोपीय संघाच्या तेव्हा लागू असलेल्या, 2013 च्या 576 क्रमांकाच्या नियमावलीत पाळीव प्राण्याचा खासगी प्रवास कशाला म्हणायचे याची व्याख्या आहे. प्राणी मालकाबरोबर जायला हवा, किंवा मालकाने लेखी अधिकार दिलेल्या व्यक्तीबरोबर. आणि तो वेगळा जात असेल तर मालकाच्या प्रवासाच्या आधी किंवा नंतर पाच दिवसांच्या आत. मी फेब्रुवारीत गेले असते आणि भुरी जूनमध्ये मागाहून आली असती, तर तो प्रवास खासगी राहिला नसता; त्याला व्यापारी प्राण्यांचे निराळे आणि अधिक कडक नियम लागू झाले असते, प्रमाणपत्र निराळे लागले असते, आणि मी हाती जपलेले कागद पुरेसे ठरले नसते. कागद अपुरे असतील तर तिथला सरकारी पशुवैद्य प्राण्याला परत पाठवू शकतो, नियम पूर्ण होईपर्यंत मालकाच्या खर्चाने विलग ठेवू शकतो, आणि या दोन्ही गोष्टी शक्य नसतील तर शेवटचा उपाय म्हणून त्याला दयामरण देण्याचीही तरतूद त्याच नियमावलीत आहे. म्हणून तुमच्या घरच्यांना सांगा की "मागाहून पाठवू" हा सोपा मार्ग नाही.

तीन महिने कशासाठी, हेही घरी समजावून सांगा, कारण तो हट्ट नव्हे हे एकदा पटले की बोलणी कमी होतात. टायटर चाचणी एवढेच सांगते की लस लागू पडली आहे. पण लशीच्या आधीच एखाद्या पिसाळलेल्या कुत्र्याने चावा घेतलेला असेल, तर विषाणू मज्जातंतूंमधून मेंदूकडे सरकत असतो आणि कुत्रा कित्येक आठवडे, कधी काही महिने, धडधाकट दिसतो. त्या काळात तो आपल्याच घरी राहावा आणि रोग असेल तर तो इथेच दिसावा, यासाठी ती मुदत आहे. जर्मनी 2008 पासून जमिनीवरच्या प्राण्यांतील रेबीजपासून मुक्त आहे, आणि तो देश आपली ही स्थिती जपतो यात मला काहीही गैर वाटत नाही. सासूबाईंना मी हे सांगितले तेव्हा त्यांनी मला एकदाही अडवले नाही. लहानपणी गावी त्यांच्या धाकट्या भावाला पिसाळलेले कुत्रे चावले होते आणि तालुक्याच्या दवाखान्यात त्याने बेंबीभोवती चौदा इंजेक्शने घेतली होती. ते ओरडणे त्यांना सत्तराव्या वर्षीही ऐकू येत होते. त्या दिवसानंतर त्यांनी मला लवकर जा असे कधी म्हटले नाही, आणि संध्याकाळी भुरीला फिरवून आणायला त्या स्वतः खाली उतरू लागल्या.

ते थांबलेले महिने भुरीच्या कामी आले. पिंजरा मी मार्चमध्येच घेतला, कारण लॅब्राडोर काय किंवा भुरी काय, एवढी मोठी कुत्री विमानात आपल्या पायाशी बसत नाहीत. त्यांना हवेचा दाब आणि तापमान राखलेल्या सामानकक्षातून जावे लागते. पिंजऱ्यात कुत्र्याला डोके न टेकता उभे राहता, वळता आणि नीट आडवे होता आले पाहिजे, हा आंतरराष्ट्रीय हवाई वाहतूक संघटनेचा दंडक आहे आणि विमान कंपनी तो मोजून पाहते. दार काढून, आत माझी जुनी साडी अंथरून, तिचे ताट मी रोज आत सरकवत गेले. मे उजाडेपर्यंत ती दुपारची झोप आपण होऊन तिथेच काढू लागली. गुंगीचे औषध देण्याचा सल्ला तुम्हाला कोणी तरी नक्की देईल. देऊ नका. उंचीवर त्याने श्वास आणि रक्तदाब बिघडू शकतो, आणि गुंगीतला कुत्रा विमान कंपन्या सहसा घेत नाहीत.

निघण्याच्या सुमाराचे काम थोडे आणि घाईचे असते. केंद्र सरकारच्या पशु क्वारंटाइन व प्रमाणीकरण सेवेचे कार्यालय पुण्यात नाही, त्यामुळे कुत्र्याला घेऊन मुंबईला जावे लागते. युरोपीय संघाचे आरोग्य प्रमाणपत्र सरकारी पशुवैद्याने दिल्यापासून दहा दिवसांत प्रवेश करावा लागतो, म्हणून ते फार आधी घेऊन चालत नाही. आम्ही 7 जूनच्या रात्री निघालो. फ्रँकफर्टला एका तरुण महिला अधिकाऱ्याने भुरीच्या मानेवर यंत्र फिरवले, पंधरा आकडे कागदाशी जुळवले, आणि पेनाचे टोक चिपच्या तारखेवरून लशीच्या तारखेवर, तिथून रक्ताच्या तारखेवर नेले. जानेवारीत आम्ही ज्या ओळींपाशी अडकलो होतो त्याच त्या ओळी होत्या. मग तिने शिक्का मारला, पिंजऱ्यात बोट घालून भुरीला चाटू दिले, आणि आम्ही संध्याकाळी श्टुटगार्टला घरी पोहोचलो. क्वारंटाइन एका तासाचेही झाले नाही.

हे सर्व जर्मनीपुरते आहे. इतर देशांचे नियम याच्यावरून ताडू नका. ब्रिटनचा क्रम जवळजवळ हाच आहे, फक्त तिथे पोहोचण्याआधी 24 ते 120 तासांच्या दरम्यान फीतकृमीचे औषध पशुवैद्याकडून द्यावे लागते; 2012 पूर्वी मात्र भारतातून गेलेल्या कुत्र्याला तिथे सहा महिने क्वारंटाइन अटळ होते. जपानची मुदत तीन महिन्यांऐवजी 180 दिवसांची आहे. ऑस्ट्रेलिया भारतातून थेट कुत्रा घेतच नाही, आधी मान्यताप्राप्त देशात मुक्काम करावा लागतो आणि त्यानंतरही मेलबर्नजवळच्या मिकलहॅमचे क्वारंटाइन चुकत नाही.

दोन गोष्टी प्रामाणिकपणे सांगायला हव्यात. माझा अनुभव 2018 चा आहे, त्यामुळे तिकीट काढण्याआधी युरोपीय संघाचे आणि जर्मन सीमाशुल्क खात्याचे सध्याचे नियम स्वतः वाचा; एजंटाच्या पैशांविषयी मी याच कारणाने काही सांगत नाही. दुसरे असे की मी मागे थांबणे हा एकच मार्ग नव्हता. मी पतींबरोबर जाऊन, जूनमध्ये चार दिवसांसाठी परत येऊन, भुरीला बरोबर नेऊ शकले असते, आणि तेही नियमात बसले असते. जाऊबाईंनी तसे सुचवले असते तर कदाचित मी ऐकलेही असते. मे महिन्यात पाच दिवसांच्या नियमाचे पान मी त्यांच्यापुढे ठेवले, तेव्हा त्यांनी ते दोनदा वाचले आणि म्हणाल्या, "हे तेव्हाच का नाही बोललीस?" तेव्हा मला ठाऊक नव्हते, एवढेच मी त्यांना सांगू शकले.

तुमच्या पतींना पुढे जाऊ द्या, आणि तुमच्यापैकी एक जण कुत्र्याबरोबरच प्रवास करील असे आजच ठरवा. आज रात्री लसीकरणाची पुस्तिका काढून चिपची तारीख आणि तिच्यानंतरच्या पहिल्या रेबीज लशीची तारीख शोधा, त्या दोन्ही इथे प्रश्नाखाली लिहा, आणि सर्वांत लवकर कोणत्या दिवशी निघता येईल ते मी तुम्हाला मोजून सांगते.