युमारी चित्रित करायचा तर रात्रभर थांबायची तयारी ठेवा

मेक्सिकोतल्या चिवावा राज्यात ईस्टरला जाऊन ताराउमारांचे (ते स्वतःला रारामुरी म्हणवतात) माताचीन आणि युमारी हे दोन्ही नाच एकाच खेपेत चित्रित होतील का, आणि ड्रोन न्यावा का, असं तुम्ही विचारलंय.

माताचीन ईस्टरला मिळणार नाही. तो हिवाळ्यातला, मुख्यतः 12 डिसेंबर ते 6 जानेवारी. व्हायोलिन, गिटार, आरसे लावलेले मुकुट. ईस्टरला तिथल्या नोरोगाची गावात ढोल असतात आणि अंगभर पांढऱ्या मातीचे ठिपके काढलेले 'फारिसी', म्हणजे ईस्टरच्या विधीत ख्रिस्ताच्या विरोधकांची भूमिका करणारे. दिसायला जबरदस्त, पण तिथे पर्यटकांचे कॅमेरेही भरपूर. मला विचाराल तर युमारीच्या मागे लागा.

त्याला पक्की तारीख नसते. पाऊस हवा असतो, पीक हाती आलेलं असतं, कुणी आजारी असतं, तेव्हा एखादं घर तो करतं. झाडलेलं अंगण, पांढरं कापड पांघरलेले लाकडी क्रूस, पुढ्यात रश्श्याची आणि तेसग्विनोची, म्हणजे मक्याच्या बिअरची, मडकी. खुळखुळा हातात घेतलेला गायक क्रूसांपुढे येरझारा घालत राहतो. रात्रभर. थोड्या वेळाने 'हे तेच तेच चाललंय' असं वाटून बरेच जण चेहऱ्यांचे, मडक्यांचे तुकडे गोळा करायला लागतात आणि नाच हातचा जातो. ट्रायपॉड अंगणाच्या कडेला लावा, वाइड लेन्स ठेवा, गायक दोन्ही टोकांना वळतो ते फ्रेममध्ये राहू द्या आणि शॉट तोडू नका.

खरी भिस्त आवाजावर. गाण्यात अर्थाचे शब्द फारसे नसतात. खुळखुळा टोकदार वाजतो, गळा मात्र पुटपुटल्यासारखा. एका माइकवर लेव्हल खुळखुळ्याला जुळवली की गळा बुडालाच. दुसरा रेकॉर्डर क्रूसांजवळ ठेवता येईल का, ते आधी विचारून घ्या. एलईडी दिवे नकोत. शेकोटीवर भागवा, आयएसओ चढवा, चित्रात दाणे आले तर येऊ द्या. डोंगर दोन हजार मीटरच्या वर आहेत, थंडीत बॅटऱ्या पटापट उतरतात. त्या जॅकेटच्या आत ठेवा.

परवानगी आधी सिरियामेची, म्हणजे गावच्या मुख्याची, मग त्या घराची. पाद्री किंवा गाइड 'हो' म्हणाला, तर ते पुरेसं नाही. ड्रोनचा विषयसुद्धा काढू नका. पेयोटेच्या, म्हणजे भ्रम निर्माण करणाऱ्या एका निवडुंगाच्या, उपचारविधीचं चित्रीकरण तर मागूच नका.

आणि एकटे जाऊ नका. तेसग्विनोचा वाडगा पुढे आला की नाही म्हणणं बरं दिसत नाही, आणि तो पुन्हा पुन्हा येतो. एकाने पाहुणचार घ्यायचा, दुसऱ्याने फोकस सांभाळायचा.