सेट उभारणाऱ्याला दिग्दर्शक होता येते का?

प्रश्न : आमच्या मुलाने महाराजा सयाजीराव विद्यापीठातून शिल्पकलेची पदवी घेतली आणि गेली दोन वर्षे तो मुंबईत एका कला-दिग्दर्शकाकडे साहाय्यक आहे. त्याला दिग्दर्शक व्हायचे आहे. ‘सेट लावणारा सेटच लावत राहतो’, असे नातेवाईक सांगतात. हे खरे आहे का?
– एक वाचक, दांडिया बाजार, बडोदे

उत्तर : आपण ज्या गावात राहता, तिथल्याच कलाभवनात दादासाहेब फाळके चित्रकला आणि छायाचित्रण शिकले आणि १९१३ मध्ये त्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित केला. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर तर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता चित्रपटाकडे वळले. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले फत्तेलाल, म्हणजे सर्वांचे साहेबमामा, पुढे ‘प्रभात’ या चित्रपट कंपनीचा कला विभाग सांभाळत असतानाच दिग्दर्शक झाले. १९३६ चा ‘संत तुकाराम’ त्यांनी विष्णुपंत दामले यांच्यासह दिग्दर्शित केला आणि त्याचा व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. दामले ध्वनिमुद्रणातले जाणकार होते. आपल्याला जे येत नाही ते येणारा सोबती साहेबमामांना लाभला होता, ही गोष्ट आपल्या मुलाने विशेष ध्यानात घ्यावी, असे मला वाटते.

कारण कला विभागात पुष्कळ शिकायला मिळते, तरी दिग्दर्शनाला लागणारी एक महत्त्वाची गोष्ट तिथे सहसा दृष्टीस पडत नाही. पटकथा वाचून प्रत्येक प्रसंगाला काय लागेल याची यादी करणे, पात्राची ऐपत आणि सवयी भांड्याकुंड्यांतून दाखवणे, नव्या भिंतीवर वीस वर्षांची ओल आणि धूर चढवणे, सुतार, पेंटर आणि मोल्डिंगवाल्यांकडून ठरल्या दिवशी, ठरल्या पैशांत काम करून घेणे, हे सगळे आपला मुलगा आज शिकतो आहे आणि ते दिग्दर्शकाला जन्मभर पुरते. परंतु सेट तयार होऊन चित्रीकरणासाठी ताब्यात दिला की कला विभागातील बहुतेक माणसे पुढच्या सेटच्या कामाला निघून जातात. नट त्या खोलीत कसा वावरतो, एखादे वाक्य का अडते, दिग्दर्शक ते कसे सोडवतो, हे पाहायला ती तिथे नसतात. महिनाभर खपून उभारलेल्या घरात माणसे राहायला आली, की उभारणाऱ्याने बाहेर पडायचे, असा हा प्रकार आहे.

तरीही चित्रीकरण चालू असताना कला विभागाचा एखादा माणूस सेटवर थांबावा लागतो. प्रत्येक टेकनंतर चहाचा कप पूर्वीच्याच जागी, पूर्वीइतकाच भरलेला ठेवणे आणि विझलेली उदबत्ती तेवढ्याच लांबीची लावणे, हे त्याचे काम. ते कंटाळवाणे असते आणि हुशार मुले ते टाळतात, याचे मला वाईट वाटते. कारण तोच कप नट तिसऱ्या टेकला वेगळ्या हाताने का उचलतो, हे सर्वांत जवळून त्यालाच दिसते. आपल्या मुलाने पुढच्या चित्रपटात ही जबाबदारी आपणहून मागून घ्यावी. सुटीच्या दिवसांत एका खोलीत, दोन नटांना घेऊन दहा मिनिटांचा लघुपट करावा आणि त्याच्या संकलनाला स्वतः बसावे. त्या खोलीची सजावट मात्र त्याने दुसऱ्या कोणाकडे तरी सोपवावी, म्हणजे त्याचे सारे लक्ष नटांकडे राहील.