गेम काढला, मग जागा का झाली नाही?

या वेळच्या बहुतेक पत्रांतलं दुखणं एकच आहे: डिस्क भरली आहे, गेम काढायचे आहेत, पण काय काढावं आणि काय जपावं हे कळत नाही. उत्तरं विंडोज ११ धरून दिली आहेत. विंडोज १० मध्ये मेनूची नावं थोडी वेगळी दिसतील, पद्धत तीच.

प्रश्न: लॅपटॉपला ५१२ जीबीची एसएसडी आहे. सी ड्राइव्हची पट्टी लाल झाली म्हणून डेस्कटॉपवरचे चार गेम डिलीट केले, रीसायकल बिनही रिकामा केला. तरी मोकळी जागा होती तेवढीच आहे. असं का?

उत्तर: डेस्कटॉपवर असतो तो गेम नसतो, त्याचा शॉर्टकट असतो. दोन-चार केबीची ती फाइल फक्त गेमचा पत्ता सांगते. ती गेली तरी गेम आपल्या फोल्डरमध्ये जसाच्या तसा राहतो.

आधी जागा कोण खातंय ते बघा. सेटिंग्जमध्ये सिस्टिम, त्यात स्टोरेज उघडलं की ढोबळ चित्र दिसतं. मग अ‍ॅप्स, इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स इथे जाऊन यादी आकारानुसार लावा. पण या यादीवर पूर्ण विसंबू नका. तिथला आकडा बऱ्याचदा इन्स्टॉल करताना लिहून ठेवलेला असतो, विंडोज दर वेळी फोल्डर मोजायला जात नाही. लाँचरमधून, म्हणजे स्टीमसारख्या गेम घेण्याच्या आणि चालवण्याच्या प्रोग्राममधून, घेतलेल्या गेमपुढे कधी आकडाच नसतो, कधी दहा अपडेटपूर्वीचा असतो. खरा आकार लाँचरमध्येच बघावा. स्टीमच्या सेटिंग्जमधल्या स्टोरेज पानावर प्रत्येक ड्राइव्हवरचे गेम आकारासह दिसतात, तिथेच खुणा करून एकदम काढता येतात किंवा दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतात. सगळ्या ड्राइव्हचा नकाशा हवा असेल तर विझट्री किंवा विनडर्स्टॅट वापरा. विझट्री फाइलींची नोंदवही थेट वाचतं, त्यामुळे भरलेली डिस्कही काही सेकंदांत दाखवतं.

काढायला मोठ्यापासून सुरुवात करा. बाल्डर्स गेट ३ आणि रेड डेड रिडेम्प्शन २ हे दोन्ही गेम प्रत्येकी १५० जीबी जागा मागतात. असा एक काढला की तुमचे चारही छोटे गेम सुखाने राहतील.

आणि ५१२ जीबीची डिस्क विंडोजमध्ये साधारण ४७६ जीबी दिसते, ती चोरी नाही. डिस्क बनवणारे हजाराच्या हिशेबाने जीबी मोजतात, विंडोज १०२४ च्या. ते ३६ जीबी शोधत बसू नका.

प्रश्न: स्टीममधून काढायला वेळ लागेल म्हणून गेमचा फोल्डरच उडवला. आता स्टीम म्हणतं गेम इन्स्टॉल आहे, पण चालू होत नाही. काय करू?

उत्तर: स्टीमॲप्स फोल्डरमध्ये प्रत्येक गेमची एक छोटी नोंद असते. तिचं नाव ॲपमॅनिफेस्टने सुरू होतं, पुढे गेमचा क्रमांक आणि शेवटी एसीएफ. गेमच्या फाइली असतात त्याच्या शेजारच्या कॉमन फोल्डरमध्ये. तुम्ही फाइली उडवल्या, नोंद राहिली. लायब्ररीत गेमवर राइट क्लिक करून मॅनेज, मग अनइन्स्टॉल निवडा, नोंदही जाईल. फाइली तपासण्याचा पर्याय मात्र दाबू नका, नाहीतर स्टीम सगळा गेम पुन्हा उतरवायला घेईल.

उलटही घडतं. रीतसर काढलं तरी स्टीम फक्त त्याने स्वतः टाकलेल्या फाइली उचलतं. हाताने घातलेले मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या, खेळाडूंनी बनवलेल्या फाइली) आणि गेमने स्वतः बनवलेल्या फाइली कॉमनमध्ये तशाच राहू शकतात. म्हणून अनइन्स्टॉल झाल्यावर कॉमन उघडून त्या नावाचा फोल्डर उरलाय का ते पाहा. आत मॉडच असतील तर तो निर्धास्त उडवा, पण सेव्ह फाइल (खेळातली प्रगती जपणारी) दिसली तर आधी कॉपी करा. शेजारी वर्कशॉप नावाचा फोल्डरही असतो. तिथे सबस्क्राइब केलेले मॉड उतरतात आणि मॉडवर चालणाऱ्या गेमांत ते कित्येक जीबींचे होतात. अनसबस्क्राइब केलं की स्टीम ते स्वतः काढतं. डाउनलोडिंग फोल्डरमध्ये अर्धवट राहिलेली डाउनलोड असतात, ती स्टीमच्या डाउनलोड पानावरून रद्द करा.

एक्सबॉक्स ॲपचे गेम एक्सबॉक्सगेम्स किंवा विंडोजॲप्स या फोल्डरांत असतात. विंडोजॲप्सला हात लावायला गेलात की परवानगी नाही असं उत्तर मिळतं. मालकी स्वतःकडे घेऊन तो फोल्डर उघडण्याच्या युक्त्या जागोजागी सांगितल्या जातात, त्या करू नका. स्टोअरमधली बाकीची ॲप्सही तिथेच राहतात आणि परवानग्या बिघडल्या की तीही उघडेनाशी होतात. एक्सबॉक्स ॲप किंवा इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समधूनच काढा.

सर्वांत महत्त्वाचं: जागा हवी म्हणून स्टीमच अनइन्स्टॉल करू नका. त्याच्या मूळ फोल्डरमधले सगळे गेम त्याच्यासोबत जातात.

प्रश्न: गेम काढला तर सेव्ह जाईल का? शंभरेक तासांची प्रगती आहे, पुन्हा खेळण्याची ताकद नाही.

उत्तर: बहुतेक वेळा जात नाही, कारण सेव्ह गेमच्या फोल्डरबाहेर ठेवले जातात. पण 'बहुतेक' या शब्दावर शंभर तास सोडू नयेत. पाच मिनिटं काढून कॉपी करून ठेवा.

शोधायच्या मुख्य जागा चार. डॉक्युमेंट्समधला माय गेम्स फोल्डर, युजर फोल्डरमधला सेव्ह्ड गेम्स, लपवलेला ॲपडेटा फोल्डर, आणि काही जुन्या गेमांत गेमचाच फोल्डर. ॲपडेटा दिसत नसेल तर फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूत शो, मग हिडन आयटम्सवर खूण करा. त्यात लोकल, लोकललो आणि रोमिंग असे तीन कप्पे आहेत. युनिटी इंजिनवर बनलेले बरेच गेम लोकललोमध्ये, गेम बनवणाऱ्याच्या नावाखाली, सेव्ह ठेवतात. अनरियलवर बनलेले बरेचसे लोकलमध्ये, गेमच्या नावाच्या फोल्डरात, सेव्ह्ड आणि त्यात सेव्हगेम्स. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची जगं रोमिंगमध्ये, टिंबाने सुरू होणाऱ्या माइनक्राफ्ट फोल्डरमधल्या सेव्ह्जमध्ये असतात. सापडलेला फोल्डर बरोबर आहे का हे ओळखायला तारीख बघा. गेम उघडा, एकदा सेव्ह करा, बाहेर या. ज्या फाइलची वेळ आत्ताची दिसेल ती तुमची. तो अख्खा फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी करा.

क्लाउड, म्हणजे सेव्हची इंटरनेटवर ठेवलेली प्रत, असेल तर काळजी कमी, पण तीही तपासा. स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या पानावर क्लाउडची स्थिती दिसते. शेवटचं खेळून झाल्यावर ती अद्ययावत झाली आहे याची खात्री करूनच काढा. प्रत्येक गेमला क्लाउड नसतं, आणि असलं तरी कोणत्या फाइली पाठवायच्या हे गेम बनवणारे ठरवतात. एक्सबॉक्स ॲपच्या गेमांत जास्त जपावं लागतं. तिथे सेव्ह ॲपच्याच पॅकेजमध्ये राहतो आणि अनइन्स्टॉलबरोबर तिथली प्रत पुसली जाते. म्हणून काढण्याआधी इंटरनेट चालू ठेवून गेम एकदा उघडा, सिंक पूर्ण होऊ द्या, मग बंद करा.

परत इन्स्टॉल केल्यावर घाईने सेव्ह टाकू नका. गेम एकदा उघडून बंद करा, म्हणजे तो आपले फोल्डर तयार करतो, मग जपलेली प्रत तिथे ठेवा. क्लाउड चालू असेल तर स्टीम कधी विचारतं, संगणकावरची फाइल ठेवू की क्लाउडमधली? तिथे दोन्हींच्या तारखा दिलेल्या असतात, त्या वाचूनच निवडा. नवा कोरा सेव्ह जुन्यावर चढतो तो इथेच. खात्री वाटत नसेल तर गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये जनरलखाली क्लाउड बंद करून मग सेव्ह टाका.

प्रश्न: दोन मोठे गेम रीतसर काढले. अपेक्षेपेक्षा बरीच कमी जागा मोकळी झाली. बाकी कुठे अडकली असेल?

उत्तर: आधी व्हिडिओज फोल्डरमधला कॅप्चर्स उघडा. गेम बारवरून केलेली रेकॉर्डिंग तिथे साठतात आणि गेम काढल्याने ती जात नाहीत. सेकंदाला ५० मेगाबिट दर्जाने केलेलं एक तासाचं रेकॉर्डिंग सुमारे २२ जीबी होतं. दोन-तीन संध्याकाळच्या खेळात एका मोठ्या गेमएवढी जागा जाते. ग्राफिक्स कार्डाच्या सॉफ्टवेअरने केलेली रेकॉर्डिंगही बहुधा व्हिडिओजमध्येच गेमच्या नावाने असतात.

दुसरी जागा डाउनलोड्स. गेमची मूळ इन्स्टॉलर फाइल किंवा झिप तिथेच पडून असते, कधी गेमएवढीच मोठी.

तिसरी, सेटिंग्जच्या स्टोरेज पानावरच्या टेम्पररी फाइल्स. तिथल्या डायरेक्टएक्स शेडर कॅशवर (गेमचं चित्र उमटवण्यासाठी आधीच बनवून ठेवलेल्या फाइली) खूण करायला हरकत नाही. ती पुसल्यावर उरलेले गेम पहिल्यांदा उघडताना थोडे अडखळतील, कॅश पुन्हा बनली की ठीक होतील. विंडोजची मोठी अपडेट नुकतीच झाली असेल तर आधीच्या विंडोजची प्रतही यादीत दिसेल. ती साधारण दहा दिवसांनी आपोआप जाते, पण काढली की मागे फिरता येत नाही. याच यादीत डाउनलोड्स फोल्डरही असतो. त्यावर खूण नाही ना, हे काढायचं बटण दाबण्याआधी बघा, नाहीतर तिथली कागदपत्रंही जातील.

प्रश्न: व्हॅलोरंट काढला, तरी टास्कबारच्या कोपऱ्यात व्हॅनगार्डचं चिन्ह दिसतंच.

उत्तर: व्हॅनगार्ड हा फसवणूक रोखणारा स्वतंत्र प्रोग्राम आहे, गेमसोबत जात नाही. चिन्हावर राइट क्लिक करून तो बंद करा आणि इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समधून रायट व्हॅनगार्ड काढा. लीग ऑफ लेजंड्स खेळत असाल तर राहू द्या, त्यालाही तो लागतो.

प्रश्न: इंटरनेट संथ आहे. गेम काढून पुन्हा उतरवण्यापेक्षा बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवता येईल का?

उत्तर: नक्की, आणि बहुतेक वेळा तेच शहाणपणाचं. ५० एमबीपीएसच्या जोडणीवर १०० जीबी उतरवायला वेग कायम राहिला तरी साडेचार तासांच्या आसपास लागतात. सेकंदाला १२० एमबी लिहिणाऱ्या हार्ड डिस्कवर तेवढ्याच मोठ्या फाइली पंधरा मिनिटांत जातात. हजारो बारीक फाइली असतील तर वेळ वाढतो.

डिस्कचा फॉरमॅट (फाइली मांडण्याची पद्धत) एनटीएफएस किंवा एक्सफॅट असू द्या. फॅट३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही आणि गेमांत अशा फाइली सर्रास असतात. स्टीमच्या स्टोरेज पानावर ती डिस्क जोडा, मग गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये इन्स्टॉल्ड फाइल्सखालचं मूव्ह बटण वापरा. हलवणं चालू असताना केबल काढू नका.

फक्त साठवून ठेवायचा असेल तर आणखी सोपं. कॉमनमधला गेमचा फोल्डर हार्ड डिस्कवर कॉपी करा आणि गेम अनइन्स्टॉल करा. पुन्हा खेळायची वेळ आली की फोल्डर त्याच नावाने कॉमनमध्ये परत ठेवून स्टीममध्ये इन्स्टॉल दाबा. असलेल्या फाइली ते ओळखतं आणि मधल्या काळात बदलल्या तेवढ्याच उतरवतं.

हार्ड डिस्कवरून थेट खेळायचं तर जुने गेम ठीक चालतात. सायबरपंक २०७७ सारखे नवे गेम आपल्या किमान गरजांमध्येच एसएसडी मागतात. हार्ड डिस्कवरून ते खेळताना भिंती-रस्ते उशिरा उमटतात, मधेच खेळ थिजतो.

प्रश्न: २० जीबी मोकळी आहे, अपडेट १२ जीबीची आहे, तरी जागा अपुरी असल्याचा संदेश येतो.

उत्तर: १२ जीबी हे उतरवायचं माप आहे, लिहायचं नाही. गेमचा माल मोठमोठ्या गठ्ठ्यांत बांधलेला असतो. ४० जीबीच्या गठ्ठ्यात थोडासा बदल झाला तरी स्टीम त्याची नवी प्रत शेजारी पूर्ण बांधतं, मग जुनी काढतं. तेवढ्या वेळापुरती दोन्हींना जागा लागते. दुसरा एखादा गेम तात्पुरता हलवा आणि अपडेट होऊ द्या. न खेळलेली जादा सामग्री डीएलसीच्या यादीतून खूण काढून घालवली तरी थोडी जागा होते.

तसंही एसएसडी काठोकाठ भरू नये. मोकळे कप्पे कमी उरले की लिहिण्याचा वेग उतरतो. ५१२ जीबीच्या डिस्कवर ७०-८० जीबी कायम मोकळी असावी असं आम्ही सुचवू.

प्रश्न: डीव्हीडी डिस्कवरून टाकलेला जुना गेम निघत नाही. अनइन्स्टॉलर सापडत नाही म्हणतो. रजिस्ट्री क्लीनर वापरू का?

उत्तर: नको. रजिस्ट्री म्हणजे विंडोजची सेटिंग्जची नोंदवही; तिच्यातल्या नोंदी काही केबींच्या असतात, त्या काढून जागा होत नाही, आणि चुकीची नोंद गेली तर चालू प्रोग्राम बिघडतात. तोच गेम त्याच फोल्डरमध्ये पुन्हा इन्स्टॉल करा, म्हणजे हरवलेला अनइन्स्टॉलर परत येतो, मग इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समधून काढा. मूळ डिस्क नसेल तर सेव्ह बाजूला ठेवून फोल्डर हाताने काढला तरी जागा पूर्ण मिळते. यादीत नाव उरेल, त्याने काही अडत नाही.