नऊ आठवडे झाले तरी ऑक्सिजन सुटत नाही, यात वहिनींचं काय चुकलं?

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. भावाचं बाळ २७ आठवड्यांत जन्मलं, वजन ९०० ग्रॅम. आज नऊ आठवडे झाले तरी नाकातली ऑक्सिजनची नळी निघत नाही आणि डॉक्टरांनी ‘क्रॉनिक लंग डिसीज’ (फुप्फुसाचा लांबलेला आजार) असं नाव सांगितलंय. घरात मात्र सगळ्यांचा रोख वहिनींवर आहे, कारण त्या सहाव्या महिन्यात स्कूटीवरून तासगावला गेल्या होत्या आणि ग्रहणात भाजी चिरली होती. तुम्ही विचारलंय, हे कशामुळं होतं आणि कुणाचं चुकलं.

मी सांगलीत नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात (एनआयसीयूत) चौदा वर्षं सिस्टर आहे. तुमच्या बाळाच्या फाईलवर त्याचे डॉक्टरच बोलू शकतात. पण ग्रहणात भाजी चिरल्यानं बाळाचं फुप्फुस बिघडत नाही, स्कूटीवरून गेल्यानंही बिघडत नाही. हे वाक्य घरातल्या मोठ्यांना मोठ्यानं वाचून दाखवा. काचेच्या पेटीत हात घालून तासन्‌तास उभ्या राहणाऱ्या आया मी रोज बघते. त्यांना आधीच वाटत असतं की सगळं आपल्यामुळंच झालं. त्यात घरच्यांनी भर घालू नये.

आता कारणाकडं येते. सगळ्यात मोठं कारण म्हणजे बाळ कितव्या आठवड्यात आलं. फुप्फुसात ज्या बारीक फुग्यांतून ऑक्सिजन रक्तात जातो, ते पोटात अगदी शेवटी शेवटी, साधारण ३६व्या आठवड्याच्या आसपास नीट तयार व्हायला लागतात. २७व्या आठवड्यात तिथं फक्त नळ्या आणि जाड भिंतींच्या पिशव्या असतात. श्वास सोडल्यावर त्या पिशव्या मिटून चिकटू नयेत म्हणून आतून सरफॅक्टंट नावाचा साबणासारखा थर लागतो, तोही पुरेसा होतो ३४व्या आठवड्याच्या सुमारास. म्हणून २८ आठवड्यांच्या आतलं आणि किलोच्या आतलं बाळ सगळ्यात जास्त धोक्यात असतं. तुमचं बाळ दोन्हीत बसतं. २७ अधिक नऊ म्हणजे ३६ आठवडे. डॉक्टर याच टप्प्यावर बघतात की ऑक्सिजन अजून लागतोय का, आणि लागत असेल तर हे नाव देतात.

दुसरं कारण सांगताना मला स्वतःला जड जातं, कारण ते आमच्याच हातातून जातं. ज्या ऑक्सिजननं आणि ज्या व्हेंटिलेटरनं बाळ जगतं, त्यांचीच त्या कोवळ्या फुप्फुसाला इजा होते. १९६७ मध्ये अमेरिकेत नॉर्थवे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या आजाराचं पहिलं वर्णन केलं, तेव्हा ती बाळं भरपूर ऑक्सिजन आणि जोरदार दाबाच्या व्हेंटिलेटरवर होती. आता दाब कमी ठेवतात, व्हेंटिलेटरची श्वासनलिकेतली नळी शक्य तितक्या लवकर काढतात आणि सीपॅपवर, म्हणजे नाकातून हलक्या दाबानं हवा देणाऱ्या यंत्रावर, घेतात. बाळाजवळ पाण्याच्या बाटलीत बुडबुडे येताना तुम्ही पाहिले असतील, तोच सीपॅप. पण २७ आठवड्यांच्या बाळाला काही दिवस व्हेंटिलेटर लागलाच, तर तो टाळून चालत नाही.

मागच्या हिवाळ्यात एक आजोबा माझ्या मागं उभे होते. मॉनिटरवर रक्तातल्या ऑक्सिजनचा ९९ आकडा आला आणि मी हवा आणि ऑक्सिजन मिसळणाऱ्या ब्लेंडरचं बटण ३० वरून २७ टक्क्यांवर आणलं. आजोबा घाबरले. “सिस्टर, नव्व्याण्णव आलंय की! मग कमी का करताय?” त्यांना वाटलं, शंभरपैकी शंभर पडत असताना मी मार्क कापतेय. मी त्यांना सांगितलं की आपण श्वासात घेतो त्या हवेत ऑक्सिजन २१ टक्केच असतो. बाळाला वरून ऑक्सिजन देतोय तोवर मॉनिटरचा आकडा आम्हाला ९० ते ९५ मध्येच हवा असतो. त्याखाली गेला तर जिवाला धोका, आणि सतत वर राहिला तर फुप्फुसालाही त्रास आणि डोळ्यांच्या पडद्यालाही. त्यानंतर ते रोज येऊन आधी आकडा बघायचे आणि ९३ दिसला की माझ्याकडं बघून मान हलवायचे. तुमच्या बाळाची डोळ्यांची तपासणी आत्तापर्यंत झालेली असायला हवी. झाली नसेल तर आजच विचारा.

बाकीची कारणं यांच्या आजूबाजूची. पाणी आधी जाऊन गर्भपिशवीत जंतू शिरले असतील किंवा जन्मानंतर रक्तात जंतुसंसर्ग झाला असेल, तर फुप्फुसाला सूज येते आणि त्याची वाढ अडते. हृदयाजवळची एक नळी जन्मानंतर बंद व्हायची असते. ती उघडी राहिली तर फुप्फुसात जास्त रक्त शिरतं. आईला बीपीचा त्रास असून बाळ पोटातच खुरटलं असेल तर धोका वाढतो. मुलग्यांना हा आजार मुलींपेक्षा जास्त होतो, त्यावर कुणाचाच इलाज नाही. सलाइन आणि दुधाचा हिशेब आम्ही मिलिलीटरमध्ये ठेवतो, कारण पाणी जास्त झालं तरी फुप्फुस ओलं होतं आणि पोषण कमी पडलं तर ते भरून येत नाही. बाळाला कॅफिन चालू असेल तर दचकू नका. श्वास विसरणाऱ्या बाळांसाठी ते औषध आहे, आणि २००६ मध्ये आलेल्या एका मोठ्या चाचणीत त्यानं हा आजारही कमी झालेला दिसला.

एक गोष्ट मात्र खरंच घरातली आहे. घरात कुणी विडी-सिगारेट ओढत असेल, किंवा गरोदर बाई मशेरी लावत असेल (आमच्या भागात मिसरी म्हणतात), तर बाळ लवकर आणि कमी वजनाचं होण्याची शक्यता वाढते. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मुंबईतल्या १,२१७ गरोदर बायकांच्या अभ्यासात, मशेरीसारखी बिनधुराची तंबाखू वापरणाऱ्यांची बाळं सरासरी १०५ ग्रॅमनं हलकी आणि जवळजवळ सहा दिवस आधी जन्मलेली आढळली. वहिनींच्या बाबतीत हे आहे की नाही, मला माहीत नाही. असलं तरी बोल लावण्यासाठी वापरू नका, सवय सोडवायला मदत करा.

आता घरी न्यायची वेळ येईल, तेव्हाचं सांगते, कारण आपल्याकडं बाळंतिणीच्या खोलीतही फुप्फुसाचं नुकसान होऊ शकतं. अंघोळीनंतर ओवा, वावडिंग, ऊद टाकून धुरी द्यायची नाही. शेगडी खोलीत ठेवायची नाही. चूल असेल तर बाळाची खोली लांबची घ्या. उसाचा हंगाम चालू असताना शेजारच्या रानात पाचट पेटलं की खिडक्या लावून घ्या. अंघोळ घालणाऱ्या मावशींना आधीच बजावा की नाकात तेलाचा थेंबही सोडायचा नाही. तेल थेट फुप्फुसात जातं आणि न्यूमोनिया होतो. बारशाला गर्दी नको. सर्दी झालेल्यानं, मग तो सख्खा मामा का असेना, बाळ उचलायचं नाही. मोठ्यांची साधी सर्दी या बाळांना पुन्हा दवाखान्यात आणते. लसी जन्मतारखेपासून मोजून वेळच्या वेळी द्यायच्या, लवकर जन्मलं म्हणून पुढं ढकलायच्या नाहीत. फ्लूची लस सहा महिन्यांनंतर द्यायची असते, त्याबद्दल डॉक्टरांना विचारा. घरच्यांनी स्वतः आधी घेतली तर आणखी बरं.

घरीही काही आठवडे ऑक्सिजन लागू शकतो. तसं असेल तर घाबरून जाऊ नका, बऱ्याच बाळांचा तो पहिल्या वर्षात सुटतो. फुप्फुसाचे फुगे जन्मानंतरही नवे येत राहतात, पहिली दोन वर्षं तर जोरात. त्यासाठी वजन वाढायला हवं, आणि त्यात आईचं दूध सगळ्यात कामी येतं. श्वास जोरात चालला, बरगड्यांखाली खड्डे पडू लागले, दूध ओढता ओढता दमायला लागलं किंवा ओठ निळसर दिसले, तर सकाळची वाट न बघता निघा.

आज संध्याकाळी राउंडला डॉक्टर आले की विचारा, “वहिनींनी बाळाला कांगारूसारखं छातीशी धरलं तर चालेल का?” ऑक्सिजनची नळी तशीच ठेवून धरता येतं, आमच्याकडं रोज धरतात. हो म्हणाले तर वहिनींना समोरून उघडणारा गाऊन न्या आणि निदान तासभर तरी बसू द्या. त्या तासाभरात त्यांना घरून कुणाचा फोन येणार नाही, एवढं तुम्ही बघा.